किल्ली आत, मी बाहेर: वेंधळेपणाची दुरुस्ती

तक्रार अशी: कचऱ्याची पिशवी ठेवायला दोन पावलं दाराबाहेर टाकली. वाऱ्याने दार धाडकन आपटलं आणि लॅच पडलं. किल्ली आत, फोन आत, गॅसवर पातेल्यात पाणी उकळतंय तेही आत. बाहेर मी, एका पायात माझी चप्पल आणि दुसऱ्या पायात नवऱ्याची.

किती वेळा: या वर्षात तिसऱ्यांदा.

पहिल्या दोन खेपांना मी सगळे करतात तेच केलं. कपाळावर हात मारून घेतला, चार जणांना किस्सा रंगवून सांगितला आणि ‘आता लक्ष ठेवायचं’ असं स्वतःला बजावलं. तिसऱ्या खेपेला किल्लीवाला कुलपाशी खटपट करता करता सहज म्हणाला, “ताई, मागच्या वेळीही पातेलंच होतं ना गॅसवर?” तेव्हा कळलं की ‘लक्ष ठेवायचं’ या उपायाची मुदत माझ्या बाबतीत चारेक महिन्यांत संपते.

तेव्हापासून मी वेंधळेपणाकडे गळक्या नळासारखं बघते. नळ गळतो म्हणून कोणी नळावर चिडत नाही, वायसर कुठे झिजलाय ते बघतात. खाली आहे ते सगळं माझ्यावर आणि थोडंफार घरच्यांवर करून पाहिलेलं आहे. काही लागू पडलं, काही अंगलट आलं.

आधी बिघाड कुठला ते ओळखा

बाहेरून सगळा वेंधळेपणा सारखाच दिसतो. आत मात्र निदान तीन निराळे बिघाड असतात, आणि एकाचं औषध दुसऱ्याला चालत नाही.

पहिला, नोंदच न होण्याचा. किल्ली टेबलावर टाकताना तुमचं डोकं फोनवरच्या बोलण्यात होतं. मग ‘कुठे ठेवली ते आठव’ म्हणून तासभर डोकं खाजवण्यात अर्थ नाही, कारण आठवायला आत काही गेलेलंच नाही. एकदा मी बहिणीशी बोलत सोफ्याखाली वाकून शोधत होते. ती म्हणाली, “काय गं, धापा का टाकतेयस?” म्हटलं, “अगं फोन सापडत नाहीये.” ती म्हणाली, “बरं, सापडला की कर,” आणि ठेवून दिला. हा गुण आमच्या घराण्यातच आहे.

दुसरा, वेळेवर न आठवण्याचा. औषध घ्यायचं सकाळी माहीत असतं, रात्री अंथरुणात पडल्यावरही माहीत असतं, फक्त दुपारी नसतं. मानसशास्त्रातले लोक याचे दोन भाग करतात. ‘चार वाजता अमुक करायचं’ अशी घड्याळाला बांधलेली आठवण आणि ‘अमुक दिसलं की तमुक करायचं’ अशी प्रसंगाला बांधलेली. यातली पहिली जास्त निसटते, कारण चार वाजल्याचं आपल्याला येऊन कोणी सांगत नाही, ते आपणच बघत राहावं लागतं. दुसरीत समोरची वस्तूच हाक मारते.

तिसरा माझा लाडका: हात चुकण्याचा. काम बरोबर, वस्तू चुकीची. ऑफिसच्या दाराशी कार्ड लावायच्या जागी मी घराची किल्ली धरून उभी होते, आणि दार उघडेना म्हणून मशीनवर चिडले होते. त्याच आठवड्यात साहेबांचा फोन संपवताना “चल, जेवून घे वेळेवर, ठेवते” असं म्हणून गेले. पलीकडून बारीक आवाजात “हो” आलं. त्यावर आजवर आम्ही दोघंही काही बोललेलो नाही.

या तिसऱ्या प्रकारावर ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ जेम्स रीझन यांनी फार मजेशीर काम केलं. त्यांनी लोकांना स्वतःच्या अशा चुकांची रोजनिशी लिहायला लावली. त्यातून दिसलं ते असं की या चुका नव्या, अवघड कामात कमी आणि रोजच्या, हातवळणी पडलेल्या कामात जास्त होतात. हात आपसूक चालतात म्हणूनच डोकं भलतीकडे जायला मोकळं असतं. तेव्हा घरात कोणी ‘एवढं साधं काम जमत नाही’ म्हणालं तर खुशाल सांगा, साधं आहे म्हणूनच जमत नाही.

आपण कितपत वेंधळे आहोत हे मोजायची सोयही आहे. मानसशास्त्रज्ञ डोनाल्ड ब्रॉडबेंट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८२ मध्ये पंचवीस प्रश्नांची एक प्रश्नावली काढली. प्रत्येक प्रश्नाला शून्य ते चार गुण, म्हणजे पैकीच्या पैकी शंभर. त्यात एक प्रश्न असा आहे: हवी ती वस्तू फेकून नको ती ठेवता का, म्हणजे काडेपेटी टाकून जळकी काडी खिशात? तो वाचून मला एकदम मायदेशी आल्यासारखं वाटलं. शाळेत कधी मिळाले नाहीत एवढे गुण मला इथे मिळाले.

जे केलं आणि फुकट गेलं

चिकटवायच्या रंगीत चिठ्ठ्या. पहिले तीन दिवस त्या डोळ्यांत भरतात, आठवड्याने त्या कपाटाचाच भाग होतात. आमच्या आरशावर ‘लाइट बिल!!’ अशी चिठ्ठी दोन बिलं उलटून गेली तरी होती. मी रोज तिच्याकडे बघून केस विंचरत होते.

गजर. एके काळी माझ्या फोनवर दिवसाला अकरा गजर होते. त्यातल्या एकावर मीच लिहिलेलं होतं, ‘ते विसरू नकोस’. तो महिनाभर रोज वाजला. ‘ते’ काय होतं ते शेवटपर्यंत कळलं नाही. गजर लावायचाच तर त्यावर वस्तू आणि क्रियापद दोन्ही लिहा: ‘छत्री पिशवीत टाक’. आणि फोनचं घड्याळ चोवीस तासांचं करून ठेवा. पहाटे साडेपाचची गाडी असताना संध्याकाळी साडेपाचचा गजर लावून शांत झोपलेल्या बाईचा हा सल्ला आहे.

‘परत त्या खोलीत जा, म्हणजे आठवेल.’ एका खोलीतून दुसरीत गेलं की आपण कशाला आलो हेच विसरतो, हा अनुभव सार्वत्रिक आहे. अमेरिकेतल्या नोत्र दाम विद्यापीठात गॅब्रिएल रॅडव्हान्स्की यांनी २०११ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत, तेवढंच अंतर एकाच खोलीत चाललेल्यांपेक्षा दार ओलांडून गेलेले लोक हातातली वस्तू जास्त विसरत होते. मूळ खोलीत परत नेऊनही फरक पडला नाही. पुढे २०२१ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या संशोधकांना डोक्यावर आधीच दुसरं ओझं असेल तेव्हाच दाराचा हा परिणाम दिसला. आता डोक्यावर ओझं नसलेला माणूस दाखवा म्हणजे झालं. माझा उपाय असा की आठवणच हातात घेऊन जायची. कात्री आणायची असेल तर जे कापायचं ते पाकीट सोबत न्यायचं. आतल्या खोलीत बंद पाकीट हातात घेऊन उभ्या असलेल्या माणसाला कात्री आठवतेच.

जे लागू पडलं

सगळ्यात उपयोगी गोष्ट मला कारखान्यातून मिळाली. १९६१ मध्ये जपानमधल्या एका कारखान्यात दोन बटणांचा एक छोटा स्विच जोडला जायचा, दोन्ही बटणांखाली एकेक स्प्रिंग. कामगारांकडून अधूनमधून एखादी स्प्रिंग राहून जायची. मग साहेबांची बोलणी, मग ‘आता नीट लक्ष देऊ’, मग पुन्हा राहिलेली स्प्रिंग. शिगेओ शिंगो नावाचे अभियंते आले आणि त्यांनी कामाचा क्रम बदलला. आधी दोन स्प्रिंगा काढून एका बशीत ठेवायच्या, मग जोडणी करायची. शेवटी बशीत स्प्रिंग उरली असेल तर काहीतरी चुकलंय. कोणाला शहाणपण शिकवलं नाही, फक्त बशी ठेवली. या पद्धतीला आधी ‘बाका-योके’, म्हणजे मूर्खांपासून बचाव, असं नाव होतं. एका कामगार बाईंना ते लागलं, म्हणून नंतर ‘पोका-योके’ म्हणायला लागले, नकळत होणाऱ्या चुकीपासून बचाव. त्या बाईंना माझा नमस्कार.

आमच्या दाराशी आता एक ताट आहे. उद्या बाहेर न्यायचं ते आज रात्री ताटात: परत करायचं पुस्तक, कुरिअरचं पाकीट, चार्जर. फ्रिजमधून घ्यायचं असेल तर फ्रिजच्या दाराला लावलेला एक चिमटा काढून ताटात टाकायचा. निघताना ताट रिकामं करायचं, बस. पहिल्या आठवड्यात मी ते भरलेलं ताट ओलांडून गेले होते. मग ते थेट चपलांवर ठेवायला सुरुवात केली. आता ते उचलल्याशिवाय चप्पलच घालता येत नाही.

मूळ तक्रारीवर, म्हणजे दारावर, तीन उपाय झाले. एक जादा किल्ली शेजारच्या काकूंकडे ठेवली. काकू गावाला गेल्या. दुसरी किल्ली पिशवीत ठेवली. पिशवी आत राहिली. शेवटी लॅचच काढून टाकलं आणि बाहेरून किल्ली फिरवल्याशिवाय लागतच नाही असं कुलूप बसवून घेतलं. किल्ली हातात नसेल तर दार बंद होणारच नाही, म्हणजे किल्ली आत अडकून राहणार कशी? या गोष्टीला पाच महिने झाले, एकदाही बाहेर राहिले नाही. आता कधीकधी दार नुसतं लोटलेलं राहतं. ती वेगळी तक्रार आहे आणि ती माझा नवरा करतो.

गॅसवरच्या पातेल्याचं

इथे विनोद जरा आवरता घेते, कारण यात हात भाजतो. पाणी आटून पातेलं काळं झालेलं दिसलं तर आधी गॅस बंद करा, खिडकी उघडा आणि पातेलं तिथेच निवू द्या. तापलेल्या भांड्यात गार पाणी ओतू नका: वाफ उसळून तोंडावर येते आणि भांड्याचा तळही वेडावाकडा होतो. ज्योत विझून नुसता गॅसचा वास येत असेल तर दिव्याचं बटण चालू नको आणि बंदही नको. आधी गॅस बंद, मग दारं-खिडक्या उघडी, आणि तुम्ही बाहेर.

विसरण्यावर माझा उपाय म्हणजे सांडशी. काही चढवून स्वयंपाकघराबाहेर पडायचं झालं तर सांडशी हातात घेऊनच पडायचं. वाचत बसा, फोनवर बोला, सांडशी खाली ठेवायची नाही. हातात सांडशी आहे याचा अर्थ आत जाळ आहे. घड्याळाला बांधलेली आठवण अशी वस्तूला बांधली की ती निसटत नाही. दुष्परिणाम एकच. परवा बेल वाजली म्हणून दार उघडलं तर कुरिअरवाला मुलगा दोन पावलं मागे सरकला. मी हसून “सही कुठे करायची?” विचारलं आणि सांडशीसकट हात पुढे केला. त्याने पाकीट जमिनीवर ठेवलं आणि म्हणाला, “राहू द्या मॅडम, सही नको.”

आणि घरातून निघताना बोट दाखवून बोलायचं. हे जपानी रेल्वेकडून घेतलं. तिथले चालक सिग्नलकडे बोट दाखवून तो कसा आहे ते मोठ्याने म्हणतात. १९९४ मध्ये तिथल्या रेल्वे तांत्रिक संशोधन संस्थेने घेतलेल्या चाचणीत बोट आणि आवाज दोन्ही वापरल्यावर चुका सुमारे एक षष्ठांशावर आल्या. मी बटणाकडे बोट करून ठणठणीत आवाजात म्हणते, “गॅस, बंद.” “नळ, बंद.” “इस्त्री, काढली.” मुलगी आधी मैत्रिणींसमोर लाजायची, आता तीच “आई, इस्त्री राहिली म्हणायची” असं ओरडते. फायदा कळतो तो बसमध्ये. पूर्वी तिसऱ्या थांब्यावर पोटात गोळा यायचा, ‘गॅस बंद केला ना?’ आता स्वतःचाच आवाज कानात असतो. पहिल्या बिघाडात नोंद होत नव्हती ना, ती अशी होते.

काम झालं की उरलेलं राहतं

झेरॉक्स काढली, प्रती घेतल्या, निघालो, आणि मूळ कागद मशीनच्या झाकणाखाली. हा वेंधळेपणाचा फार मोठा वर्ग आहे. ज्यासाठी आलो ते हातात पडलं की डोकं ‘झालं’ म्हणून दप्तर मिटतं, मागची बारीक पायरी राहते. एटीएममध्येही हेच व्हायचं. यंत्र आधी पैसे द्यायचं आणि मग कार्ड, त्यामुळे लोक पैसे घेऊन चालते व्हायचे. आता बरीच यंत्रं कार्ड काढून घेतल्याशिवाय पैसे देत नाहीत. माणसं होती तशीच आहेत, क्रम बदलला.

हे वाचून मी झेरॉक्सच्या झाकणावर घराची किल्ली ठेवायला लागले, म्हणजे किल्लीसाठी थांबेन आणि कागद आठवेल. परिणामी तिथे कागद आणि किल्ली दोन्ही राहिले. एटीएमचा धडा नीट लावायचा तर असा लागतो: मूळ कागद हातात आल्याशिवाय पैसे द्यायचे नाहीत. पैसे न देता निघालं तर मागून हाक येतेच.

गाडीच्या डिकीतलं सामानही याच वर्गातलं, वर दृष्टीआड सृष्टी. १९९९ मध्ये जगप्रसिद्ध चेलोवादक यो-यो मा न्यूयॉर्कमध्ये टॅक्सीतून उतरले आणि १७३३ सालचा, लाखो डॉलरांचा चेलो, म्हणजे मोठ्या व्हायोलिनसारखं वाद्य, डिकीत राहिला. टॅक्सीची पावती जवळ होती, तिच्यावरून त्याच दिवशी तो परत मिळाला. माझी डिकीत राहते ती छत्री असते, पण पावती मागून घ्यायची सवय त्यांच्यामुळे लागली. आणि डिकीत काही ठेवलं की फोन तेवढा वेळ हातात धरून बसते.

चुकीच्या माणसाला गेलेला मेसेज

पाहुण्यांसोबत सहलीला गेलो होतो, त्यांचा व्हॉट्सॲपवर ग्रुप होता. बहिणीला लिहिलं, “कधी एकदा घरी जातेय असं झालंय, बोलून बोलून डोकं उठवलंय यांनी.” गेलं ग्रुपवर. घाबरून पुसायला गेले तर ‘सगळ्यांसाठी’ऐवजी ‘फक्त माझ्यासाठी’वर बोट पडलं. म्हणजे आता तो मेसेज अख्ख्या जगाला दिसत होता, फक्त मला सोडून.

हे झालं तर: व्हॉट्सॲपवर ‘फक्त माझ्यासाठी’ पुसल्यावर काही सेकंद खाली ‘पूर्ववत करा’ असं येतं. ते दाबा, मेसेज परत दिसेल, मग सगळ्यांसाठी पुसा. त्याला दोन दिवसांहून थोडी जास्त मुदत असते. अर्थात पुसल्याची पाटी तिथे राहते आणि तिच्यावर लोक जे तर्क लढवतात ते मूळ मजकुरापेक्षा भारी असतात. माझ्या बाबतीत मामींनी विचारलंच, “काय पुसलंस गं?” म्हटलं, “फोटो होता, डोळे मिटलेले आलेत.” त्या म्हणाल्या, “मी वाचला तो फोटो.”

ईमेलला क्रम उलटा करा. आधी फाइल जोडा, मग मजकूर, आणि पत्ता सगळ्यात शेवटी. पत्ताच नसेल तर अर्धवट पत्र जाईल कुठे? जीमेलमध्ये पाठवलेलं परत घ्यायची सोय असते. सुरुवातीला ती पाच सेकंदांवर असते, सेटिंगमध्ये तीस करून घ्या. आपली चूक आपल्या लक्षात यायला पाच सेकंद पुरत नाहीत, हे मी अनुभवाने सांगते.

कधी वर्कशॉपला न्यायचं

हे सगळं नेहमीच्या, जन्मजात वेंधळ्यांसाठी आहे. झोप अपुरी असेल तर आधी झोपा. चार रात्री जागलेल्या माणसाला ताट आणि सांडशी काही करू शकत नाही. पण नीटनेटका माणूस एकाएकी विसरायला लागला, ओळखीच्या रस्त्यावर चुकला, एकच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारू लागला, तर ते हसण्यावारी नेऊ नका, डॉक्टरांना दाखवा.

अजून न सुटलेलं

चष्मा. चष्मा शोधायला चष्मा लागतो, हा मूळ दोष. डोक्यावरचा चष्मा सासूबाईंनी दोनदा दाखवून दिला, तिसऱ्यांदा त्या नुसत्या बघत बसल्या. म्हणाल्या, “बघू तरी किती वेळ लागतो.”

उपाय म्हणून जुना चष्मा खिळ्याला टांगला. नवा हरवला की जुना घालून शोधायचा. नवा सापडायचा, आणि सापडला की काम झालं! नवा सापडला तिथेच जुना काढून ठेवला जायचा. झेरॉक्सचंच दुखणं. मग जुन्याला दोरी बांधून दोरी खिळ्याला बांधली. दोरी दोन हात लांब, त्यामुळे खिळ्याभोवती दोन हातांवर जे हरवेल तेवढंच सापडतं. नवऱ्याने दोरी लांब करून द्यायची तयारी दाखवली आहे. घराचं मापही घेऊन झालंय, सर्वात लांबचा कोपरा नऊ मीटरवर येतो. नऊ मीटर दोरी परवा आणलीसुद्धा. कुठे ठेवली ते दोघांनाही सांगता येत नाहीये.